दफनभूमीतली पायवाट

"वॉकवे है ना? कबर थोडी है! उसके नीचे से लाइन डालो. यल्ला, आज सबमिट करना है." आमचा डिझाइन मॅनेजर सक्सेना.

मी दुबईत ड्रेनेज डिझाइन करतो. आमच्या ऑफिसला घानातल्या अक्रा शहराचं काम मिळालं होतं. पावसाचं पाणी समुद्राकडे नेणारं बंदिस्त गटार. मधे इंग्रजांच्या काळातली सार्वजनिक दफनभूमी. जुन्या नकाशात कबरींच्या ओळी आणि त्यांच्यामधून छान रुंद पायवाट. पठ्ठ्याने तिच्यावरच रेघ ओढली.

टीममधला रोड इंजिनीअर इमॅन्युएल त्याच शहरातला. रेघ बघून तो म्हणाला, "देअर इज नो वॉकवे. माय मदर इज देअर."

दफनभूमी कधीच भरली होती. पण लोकांना आपल्या माणसांजवळच जागा हवी. मग पायवाटेतच पुरायला लागले. इमॅन्युएलच्या बहिणीने तिथे जाऊन व्हिडिओ पाठवला. नकाशातल्या पायवाटेवर एकमेकींना खेटून कबरी, पांढऱ्या टाइल्स लावलेल्या. एकीवरचा पाला तिने हाताने झाडला. इमॅन्युएल खिडकीकडे जाऊन उभा राहिला.

मी सक्सेनाकडे गेलो. "सर, साइट सर्व्हे के बिना मैं साइन नहीं करूंगा."

"कॉन्ट्रॅक्टर देख लेगा. शिफ्ट कर देंगे."

"किसको शिफ्ट करेंगे? उसकी माँ को?"

"इमोशनल मत हो, हबीबी."

माझं टाळकंच सणकलं. इथे वाळूवर रेघ मारली की रस्ता होतो, आडवं कुणी येत नाही. त्याच सवयीने हा माणूस दुसऱ्याच्या गावात गाढवाचा नांगर फिरवायला निघाला होता. आणि वर मलाच शांत राहायला सांगत होता!

दुसऱ्या दिवशी क्लायंटबरोबर ऑनलाइन मीटिंग. सक्सेना बेधडक म्हणाला, "नो ग्रेव्ह्ज अफेक्टेड." मी इमॅन्युएलकडे पाहिलं. त्याने होकारार्थी मान डोलावली. मी स्क्रीन शेअर करून व्हिडिओ लावला.

पलीकडच्या इंजिनीअरबाईंनी तो पूर्ण पाहिला. मग विचारलं, "हॅज एनीवन फ्रॉम युअर ऑफिस बीन हिअर?"

सक्सेना पाणी प्यायला लागला.

लाइन बाहेरच्या रस्त्याखालून गेली. इमॅन्युएलची आई जागची हलली नाही. मला त्या प्रोजेक्टवरून काढलं. पुढच्या रिव्ह्यूत सक्सेनाने 'हेरिटेज सेन्सिटिव्ह डिझाइन' अशी स्लाइड लावली आणि टाळ्या घेतल्या. निर्लज्जपणाला काही सीमा?

नव्या इंजिनीअरांना मी एवढंच सांगतो. नकाशात जागा मोकळी दिसली तर आधी तिथल्या माणसांना विचारा. मॅनेजरला नंतर सांगितलं तरी चालतं.