बंडीच्या आतला खिसा

ह्यांच्या हातात पिस्तुलाचं लायसन्स आलं त्या दिवशी मी शिरा केला. का केला ते मला अजून नीट सांगता येत नाही. चांगली बातमी आली की शिरा करायचा, एवढंच हातांना ठाऊक होतं. 

हे फ्रीगंज बाजारातल्या एका सराफाकडे बावीस वर्षं नोकरीला आहेत. दागिने देवासच्या कारागिराकडे द्यायचे आणि तयार झालेले परत आणायचे, हे काम ह्यांचंच. साधी पिशवी, वरून टॉवेल आणि मेथीची जुडी, नानाखेड्याच्या स्टँडवरून बस. त्याच रस्त्यावर एकदा दोघा चोरांनी ह्यांच्या उजव्या मनगटावर रॉड मारून पिशवी नेली. प्लास्टर निघालं, डॉक्टर म्हणाले हाड जुळलं. पण तेव्हापासून लोणच्याच्या बरणीचं झाकण मीच उघडते. हे म्हणतात, घाई आहे, तूच उघड. मी उघडते. त्यावर आमच्यात कधी एक शब्द झाला नाही.

लायसन्सचा अर्ज करायला दुकानाच्या मालकांनी, सेठजींनीच लावलं होतं. नाही तर देवासला दुसऱ्या कुणाला पाठवावं लागेल, असंही ते म्हणाले होते. ते वाक्य ह्यांना लागलं होतं.

बंदुकीच्या दुकानात पहिल्यांदा हे एकटेच गेले. दुकानदाराने एक जड रिव्हॉल्व्हर दाखवलं आणि एक चपटं, छोटं, हलकं पिस्तूल. हे हलक्यावर खूश होऊन आले, कारण बसमध्ये कुणाला कळायला नको होतं. तपकिरी कागदावर ठेवून त्याच्याभोवती पेन्सिलीने रेघ मारून आणली होती. मी ब्लाउजचं कटिंग कागदावर करून ठेवते, अगदी तसं. कागद माझ्या मशीनवर ठेवून म्हणाले, बंडीच्या आत खिसा शिव, बाहेरून दिसता कामा नये.

मी घरीच ब्लाउज, परकर शिवते, साड्यांना फॉल लावते. माप आलं की माझं डोकं बाकी काही विचारत नाही. जाड जीनच्या कापडाची त्या आकाराची पिशवी शिवली, तिच्यात वाळू भरली आणि दुकानदाराने सांगितलेल्या वजनाइतकी तोलून घेतली. खिसा आधी उजव्या कुशीत लावला. हे चपला घालायला वाकले की वाळूची पिशवी पुढे यायची आणि सदऱ्यावर कोपरा उमटायचा. मग खिसा थोडा मागे नेला, तिरका केला, वर एक पट्टी दिली. तिसऱ्या वेळी बसला. मी ह्यांना उठायला लावलं, पाटावर बसायला लावलं, वरचा डबा काढायला लावलं. काहीच दिसेना. मला इतका आनंद झाला की मी टाळी वाजवली, आणि मग कशाला वाजवली म्हणून घाबरले.

आठ दिवस हे वाळू घालूनच कामावर गेले. संध्याकाळी टावर चौकातून चालत यायला लागले, मान वर करून. मार बसल्यापासून गर्दीत कडेकडेने चालायचे, ते थांबलं. मी म्हटलं, बरं झालं. आणि लगेच वाटलं, आत तर वाळू आहे.

विकत घ्यायच्या दिवशी हे मला बरोबर घेऊन गेले. मी पदर घट्ट करून बाकाच्या टोकाला बसले. दुकानदाराने पिस्तूल रिकामं असल्याचं दोनदा दाखवलं आणि सांगितलं की पहिली गोळी चढवायला वरचा लोखंडी भाग जोरात मागे ओढायचा. ह्यांनी धरलं. तो भाग थोडा सरकला आणि थांबला. पुन्हा धरलं. ह्यांच्या ओठावर घाम आला. दुकानदार म्हणाला, छोट्याची स्प्रिंग कडकच असते, आणि हलकं म्हणून झटकाही जास्त देतं. हे हसले. म्हणाले, सकाळी उपास होता. उपास नव्हता, आम्ही पोहे खाऊन निघालो होतो.

मग ह्यांनी ते माझ्याकडे दिलं. म्हणाले, "तू बघ, वाळूइतकंच आहे ना?"

वजन तेवढंच होतं. पण मी नुसतं वजन बघून परत द्यायला हवं होतं. मला काय झालं कुणास ठाऊक, कापड ताणावं तसं मी ओढलं आणि तो भाग सरळ मागे गेला.

"भाभीजी, लाइसेंस तो आपके नाम का होना था," दुकानदार म्हणाला.

हे त्याच्याबरोबर हसले. उद्या येतो म्हणून उठले. 

घरी आल्यावर बंडी उलटी करून खिसा बघत बसले. म्हणाले, "खिसा चांगला झालाय ना?"

"झालाय."

"मग ते जड घेऊ? त्याला ओढावं लागत नाही."

"त्याने बंडी एका बाजूला खाली येईल. पाठीमागून दिसेल."

"मग हलकंच घेतो. सवयीने जमेल."

मी आयुष्यात ह्यांना असं कधी बोलले नव्हते. मशीनकडे बघत मी म्हणाले, "अहो, तुम्हाला ते ओढता येत नाही. काढाल, आणि समोरचा तुमच्या हातातून घेईल."

बंडी सरळ करत हे म्हणाले, "मग तूच चल देवासला. माझ्या शेजारी बस, मेथी निवडत." आम्ही दोघंही हसलो. ह्यांचं हसू आधी थांबलं.

पिस्तूल घेतलंच नाही. हे सेठजींना म्हणाले, घरातून नको म्हणतात. हाताचं सांगितलं नाही. आता देवासला दुसरा माणूस जातो आणि हे काउंटरवर बसतात. मी बरोबर बोलले का, ते मला कळत नाही. हे रोज वेळेवर घरी येतात, तेव्हा वाटतं बरोबर बोलले. जेवताना सेठजींच्या नव्या माणसाचं नाव निघालं की हे पाणी पितात, तेव्हा वाटतं, वेळ दिला असता तर हात बसला असता.

ब्लाउज टाकायला येणाऱ्या बायकांपर्यंत गोष्ट पोचलीच. एक म्हणाली, "तुम्ही नको म्हणालात म्हणे? एवढ्या कशा हो डरपोक?"

मी म्हटलं, हो, मला भीती वाटते अशा वस्तूंची. आणि तिच्या दंडाचं माप घेतलं.

तेव्हा हे आतल्या खोलीत होते. तिथे सगळं ऐकू जातं. ह्यांनी बाहेर येऊन काहीतरी म्हणावं असं मला वाटत होतं, आणि येऊ नये असंही वाटत होतं. हे आले नाहीत. ती गेल्यावर मी पाण्याचा पेला घेऊन आत गेले तर हे भिंतीकडे तोंड करून, उजव्या हाताची मूठ हळूहळू उघडत आणि मिटत होते. मी पाणी न देताच परत आले.