गाबोर आणि आमचा रविवारचा डिफेन्स

घरात आइस्क्रीमचे रिकामे डबे साठतात ना, तसे किस्से साठतात. टाकवत नाहीत, आणि ठेवून करायचं काय तेही कळत नाही. आमच्या रविवारच्या फुटबॉल ग्रुपमध्ये गाबोर आल्यापासून तर कपाटाचं दार लागेनासं झालंय. म्हणून आज थोडे बाहेर काढतो.

ग्रुप म्हणजे पुण्या-मुंबईहून सिंगापूरला आलेली, चाळिशी ओलांडलेली, पोटं सुटलेली मंडळी. कोणी तांजोंग पगारला बँकेत, कोणी जुरोंग आयलंडवर, मी हार्बरफ्रंटला एका शिपिंग कंपनीत. मी गोलकीपर. धावायला लागू नये, एवढ्या एकाच निकषावर मी ती जागा मिळवली.

गाबोर हंगेरीचा. खराखुरा, पगारी फुटबॉलपटू. स्ट्रायकर! सायप्रस, माल्टा, कझाकस्तान, मलेशिया करत करत तो सिंगापूरच्या एका क्लबात आला, आणि एका सीझननंतर क्लबने त्याला प्रेमाने निरोप दिला. तो आमच्या कॅप्टनच्या, म्हणजे परागच्या, काँडोतल्या फ्लॅटमध्ये एका खोलीत राहायचा. नवा क्लब मिळेपर्यंत पाय चालते राहावेत म्हणून त्याला कुठली तरी टीम हवी होती. परागने त्याला आमची दाखवली. माणसाचे दिवस फिरतात ते असे.

त्याचं इंग्रजी मी इथे मराठीत देतोय. मूळ ऐकवण्यासारखं नाही. आमचंही नाही.

* * *

पहिल्या रविवारी गाबोर वेळेवर आला. तिथेच तो परका ठरला.

आम्ही एकेक करून उगवलो. वॉर्म-अप म्हणून कोणाचा पीआरचा, म्हणजे इथे कायम राहण्याचा, अर्ज कुठे अडकलाय आणि कोणाचा गुडघा कुठे दुखतोय यावर सविस्तर चर्चा केली. गाबोरने परागला विचारलं, फॉर्मेशन काय? पराग ऐटीत म्हणाला, "फोर-फोर-टू." गाबोरने डोकी मोजली. नऊ भरली. तो सभ्य माणूस, त्याने पुन्हा एकदा मोजली.

मग त्याने विचारलं, यातला विंगर कोण? म्हणजे कडेकडेने जीव तोडून धावतं कोण? आमचं एरवी कशावरच एकमत होत नाही, पण यावर झालं. सगळे म्हणाले, "देशपांडे."

देशपांडे सिडनीला जाऊन दोन वर्षं झाली होती.

* * *

लिमये आमचा डिफेंडर. जुरोंग आयलंडवर एका प्लांटमध्ये सेफ्टीला आहे. त्याची नोकरीच 'नाही' म्हणण्याची. हातमोजे नाहीत? काम बंद. शिडी बांधलेली नाही? काम बंद. जन्म पुण्याचा, त्यामुळे या कामासाठी वेगळं ट्रेनिंग लागलं नाही.

त्या दिवशी मॅच सुरू व्हायच्या आधी लिमयेने गोलपोस्ट हलवून बघितला. तो हलला. लिमयेने खेळ बंद केला. आम्ही पोस्टच्या पायावर टाकायला वाळूच्या पिशव्या शोधत मैदानभर फिरलो, आणि गाबोर बॉल घेऊन मधोमध उभा.

शेवटी तो म्हणाला, "कझाकस्तानात बर्फात खेळलो. सायप्रसला प्रेक्षकांनी अंगावर बाटल्या फेकल्या. मॅच थांबली नाही. आज पहिल्यांदाच आमच्याच डिफेंडरने थांबवली."

लिमयेने शांतपणे विचारलं, "बाटल्या फेकल्या तेव्हा हेल्मेट होतं का?"

* * *

परागची बायको मीनल गाबोरला भाऊजी म्हणते. एकदा भाऊजींना आईने गावाहून तिखट पाठवलं. तेच ते हंगेरीचं प्रसिद्ध तिखट, पाप्रिका, लालभडक. गाबोरने ते दोन्ही हातांनी मीनलला दिलं आणि बजावलं, जपून वापरा, हे आमच्याकडचं सगळ्यात जहाल आहे. माल्टाचा एक गोलकीपर हे खाऊन रडला होता.

मीनलने चिमूटभर जिभेवर ठेवलं. गाबोर पाण्याचा ग्लास धरून तयारच होता.

"रंग छान आहे हो भाऊजी," मीनल म्हणाली.

त्यांची लेक इरा तेवढ्यात चमचाभर वरणात घालून खाऊन मोकळी झाली. अस्सल सिंगापुरी इंग्रजीत म्हणाली, "Not spicy one lah, Uncle."

तो ग्लास शेवटी गाबोरनेच रिकामा केला.

* * *

इतके देश फिरलेला माणूस, म्हणून मी एकदा त्याला विचारलं, भाषा किती येतात? म्हणाला, प्रत्येक देशातलं एक वाक्य येतं. ग्रीकमध्ये म्हणून दाखवलं, रशियनमध्ये दाखवलं, मलयमध्ये दाखवलं. मी विचारलं, अर्थ काय?

"गुडघा एकदम ठीक आहे."

पस्तिशीच्या स्ट्रायकरला दुसरं वाक्य लागतच नाही म्हणे. मग तो स्पष्ट मराठीत म्हणाला, "गुडघा गेला." हे त्याला कोणी शिकवलं नव्हतं. आमच्यात चार रविवार बसला होता, एवढंच.

* * *

आता खरी गोष्ट. गाबोरचा क्लबचा पास, म्हणजे कामाचा परवाना, रद्द झाला होता. व्हिजिट व्हिसावर राहत होता, तेही महिनाअखेरीस संपणार. तोवर नवा क्लब मिळाला नाही तर परत गावी. गावी मेहुण्याचं टायरचं दुकान. गाबोरची जागा तयार आहे, हे मेहुणा दर आठवड्याला आवर्जून फोन करून कळवायचा. अशी नातलग मंडळी फक्त आपल्याकडेच असतात असा माझा समज होता.

बुडापेस्टला त्याचा एक एजंट होता. कधीही विचारा, "दोन दिवसांत कळवतो." एकदा त्याने खरंच कळवलं. थायलंडच्या एका क्लबला स्ट्रायकर हवाय, ताजा व्हिडिओ पाठव. गेल्या सीझनचं रेकॉर्डिंग होतं, पण त्यात गाबोर बहुतेक वेळ बाकावर बसलेला उत्तम दिसत होता.

तेव्हा परागने डोकं चालवलं. आपणच मॅच खेळू, शूट करू. पाच जण गाबोरच्या बाजूने, बाकीच्यांनी समोर उभं राहून त्याला जाऊ द्यायचं. लिमये म्हणाला, "मॅच म्हणायची तर मॅच खेळा. नाटक मला जमत नाही." आम्ही लक्ष दिलं नाही. त्याचं सगळंच ऐकायचं तर घराबाहेर पडणं अवघड आहे.

शूटिंग सुरू झालं. गाबोर बॉल घेऊन निघाला की आमचे लोक धडाधड पडत होते. पराग तर गाबोर दहा फुटांवर असतानाच कोसळला. गोलमध्ये मी. मला अभिनय करावा लागला नाही.

चौथ्या गोलसाठी गाबोर निघाला आणि समोर लिमये आला. इतक्या वर्षांत लिमयेने कोणाचा बॉल काढून घेतल्याचं कोणाला आठवत नाही. त्या दिवशी पठ्ठ्याने पाय घातला आणि बॉल काढला! स्वच्छ, नियमात. गाबोर तोंडावर आपटला. लिमये बॉल घेऊन पुढे चालू लागला, कारण धावणं त्याच्या तत्त्वात बसत नाही.

आणि गाबोर उठला. कॅमेरा विसरला, गुडघा विसरला. अख्खं मैदान मागे पळत गेला, खांद्याने लिमयेला बाजूला सारलं आणि बॉल परत घेतला. लिमये चिखलात बसला. आम्ही टाळ्या वाजवल्या.

हा भाग कापायचा असं ठरलं. बँकेच्या सगळ्या सिस्टिम ज्याच्या भरवशावर चालतात त्या परागने चुकीची फाइल पाठवली.

* * *

दोन दिवसांनी थायलंडच्या कोचचा व्हिडिओ कॉल आला. आम्ही सगळे परागच्या हॉलमध्ये पोह्यांच्या बशा घेऊन, कॅमेऱ्यात दिसणार नाही असे बसलो होतो. गाबोरने इस्त्रीचा शर्ट घातला होता. मला त्याचं फार वाईट वाटलं, हे सांगून टाकतो. इतक्या देशांत गोल मारलेला माणूस परीक्षेच्या निकालाला आल्यासारखा खुर्चीच्या कडेवर टेकला होता.

कोच म्हणाला, गोलचं सोड. त्या डिफेंडरांसमोर माझी आईसुद्धा गोल मारेल. पण बॉल गेल्यावर तू मागे पळालास ते मला आवडलं. तसं पळणारा हवाय. फक्त एक सांग, तुझ्याकडून बॉल काढणारा तो जाडा माणूस कोण? ऑफिसातला कोणी असेल तर आपण इथेच थांबू.

गाबोर म्हणाला, "तो इंडियाकडून खेळलाय."

कोच म्हणाला, असं? बोलव त्याला.

परागच्या हातातला चहा सांडला. मीनलने डोळे मिटले. लिमये उभ्या आयुष्यात खोटं बोललेला नाही. स्वतःच्या मेव्हणीच्या लग्नात जेवण कसं झालंय ते त्याने व्याह्यांना खरं सांगितलं होतं. आणि फुटबॉलला त्याचा पाय पहिल्यांदा लागला तो सिंगापूरला आल्यावर, डॉक्टरने वजन कमी करायला सांगितलं म्हणून.

लिमयेने बशी खाली ठेवली, हात पुसले, चष्मा लावला आणि जाऊन गाबोरशेजारी बसला. गाबोर त्याच्याकडे बघेना.

"सर, तुम्ही इंडियाकडून खेळलात?" कोचने विचारलं.

लिमयेने चष्मा काढला, पुसला, परत लावला. परागच्या घरचा पंखा आवाज करतो हे मला त्या दिवशी कळलं.

मग लिमये म्हणाला, "माझ्या करिअरबद्दल मी कधीच बोलत नाही."

कोच खुर्चीत सावरून बसला. त्याचा आवाजच बदलला. म्हणाला, समजलं सर, मोठी माणसं अशीच असतात. गाबोर, सोमवारी ये, पेपर्स तयार ठेवतो.

गाबोरने दोन्ही हातांनी तोंड झाकलं. आम्ही ओरडायच्या बेतात होतो, पण कोच अजून स्क्रीनवर होता. त्याने अदबीने विचारलं, "आणि सर, तुम्ही सध्या कुठल्या क्लबबरोबर आहात?"

लिमयेने मान वळवून हॉलभर बसलेल्या आमच्याकडे एकदा नीट बघितलं.

"आहे एक," तो म्हणाला. "पण आम्ही गोलकीपर शोधतोय."