पाहुण्यांनी मूर्तिजापूर सोडलं

हल्लीच्या टूथपिकांना कणाच नसतो.

अननसात खुपसली की वाकते, चीजमध्ये खुपसली की मोडते. आणि मोडलेलं टोक नेमकं त्याच पाहुण्याच्या हिरडीत जातं, ज्याच्यापुढे आपली इज्जत पणाला लागलेली असते.

यावर कोणी निवेदन देत नाही. कलेक्टर ऑफिससमोर कोणी उपोषणाला बसत नाही. समाज म्हणून आपण संपलो आहोत.

मागच्या मे महिन्यात, मंदाच्या अकोल्याच्या किचनमध्ये उभी राहून मी हे भाषण ठोकत होते.

मंदा हसली नाही.

कॉलेजपासूनची मैत्रीण. माझ्या सडक्यातल्या सडक्या जोकला हसणारी जगातली एकमेव बाई. म्हणून मी वळून पाहिलं.

कूलरच्या अगदी तोंडाशी उभी होती, आणि घामाने निथळत होती.

आज तिला जाऊन वर्ष झालं.

त्या दिवशी गौरीला, तिच्या मुलीला, बघायला येणार होते. मुलगा पुण्याचा, आयटीतला. मंडळी आदल्या दिवशीच अमरावतीला नातेवाइकांकडे उतरली होती, तिथून गाडीने येणार होती.

"पोहे कोणीबी देते," मंदा म्हणाली होती. "पुण्याच्या लोकायले वाटलं पाहिजे, अकोल्यातबी काही आहे."

म्हणून बेत असा. खारं बिस्किट, त्यावर चीजची चकती, त्यावर संत्र्याचा मुरंबा, आणि अगदी वर हिरव्या ठेच्याचा एक ठिपका. शिवाय खरबुजाचे गोळे, चीजचे तुकडे, काळं मीठ, मिरपूड, सगळं टूथपिकवर. गोड लागतंय म्हणेपर्यंत जिभेला चटका.

मंदाच्या स्वभावाचीच रेसिपी होती ती.

"बडनेरा सोडलं त्यायनं," भाऊजी, म्हणजे मंदाचे मिस्टर, हॉलमधून ओरडले. वाटेवरचं एकेक गाव ते फोनवर विचारून सांगत होते.

मंदाने डावा खांदा दाबला.

"काय होतंय गं?"

"गॅस आहे. सोडा घेतला ना मी."

"गॅस खांद्यात कधीपासून जायला लागला?"

"तू गप्प बस. मुरंबा गार कर."

आता खरी गोष्ट सांगते. आठवड्यापूर्वी मुलाच्या आईने फोनवर विचारलं होतं, "तुमच्याकडे कुणाला काही आजार? शुगर, हार्ट? राग नका मानू, हल्ली विचारावंच लागतं."

मंदाने सांगितलं होतं, "कोणालेच काही नाही."

तेव्हा ते खरंच होतं.

"मूर्तिजापूर सोडलं!"

तिच्या हातातली टूथपिक खरबुजात जाईना. माझ्या भाषणातल्यासारखी मोडलीही नाही. बोटांतच जोर नव्हता. ओठ पांढरे पडले होते.

मी डॉक्टरांचा नंबर काढला. तिने माझा फोन हिसकावला आणि तुरीच्या डाळीच्या डब्यात टाकून वर झाकण लावलं.

"मंदे, वेड लागलं का तुला?"

"दारात अँब्युलन्स उभी राह्यली अन् तेवढ्यात पाहुणे आले, तं माह्या पोरीचं काय होईन? मायलेच हार्टचं आहे म्हणतीन. मंग कोण करते तिले?"

"आणि तुला काही झालं तर?"

"दोन तासानं मले काय होते? पाहुणे गेले का जाऊ दवाखान्यात. तुह्याच गळ्याची शपथ."

मी भाऊजींना बाहेर गाठलं. ते आत आले, तिच्याकडे पाहिलं, घड्याळाकडे पाहिलं.

"मंदा, काहून हट्ट करून राहिली? बस घडीभर."

"तुमी टेबलावरचा पंखा पुसा."

आणि भाऊजी पंखा पुसायला गेले. या घरात तिचं कोणीच कधी मोडलं नव्हतं.

"बोरगाव मंजू!"

मग गाडी आली.

मंदा पदर सावरून हसत बाहेर गेली. पाऊण तास ती बसली नाही. बसलं तर उठता येणार नाही, हे तिला कळलं होतं, असं मला आज वाटतं. एका हाताने खुर्चीची पाठ धरून ती उभी होती, आणि मुलाची आई चौथं बिस्किट उचलत विचारत होती, "अय्या, हे कसं केलंत?"

मंदाने सगळी रेसिपी सांगितली. ठेच्यासकट.

मी त्या सगळ्यांचे चेहरे बघत होते. एवढ्या शिकलेल्या माणसांपैकी एकालाही समोरच्या बाईचा रंग दिसला नाही. त्यांचं लक्ष गौरीच्या रंगाकडे होतं.

निघताना ती फाटकापर्यंत गेली. गाडी वळेपर्यंत हात हलवत होती.

गाडी वळली.

मंदा पायरीवर बसली, आणि तशीच माझ्या अंगावर कलंडली.

दवाखाना जवळ होता. तेवढाही रस्ता तिने पुरा होऊ दिला नाही.

तेराव्याच्या आधी मुलाच्या आईचा मेसेज आला. "ऐकून वाईट वाटलं. पण असं काही होतं तर आधी सांगायला हवं होतं." खाली हात जोडलेली इमोजी.

गौरीने तो मेसेज डिलीट केला नाही. अधूनमधून उघडून वाचते.

मागच्या रविवारी नवे पाहुणे आले. तेल्हाऱ्याचे. भाऊजी पाणी घेऊन निघाले, तर गौरीने त्यांना दारातच थांबवलं आणि स्वतः पुढे झाली.

"माझी आई हार्टनं गेली. हे बसलेत ना काका, तिथंच उभी होती ती, पाहुण्यायसाठी. काही विचारायचं असेन तं आत्ता विचारा. मंग खायला आणतो."



मग मुलाचे वडील खाकरले. "मलेबी दोन स्टेंट हायेत, पोरी."

त्यांच्या बायकोने त्यांच्याकडे असं पाहिलं, की तिसऱ्या स्टेंटची व्यवस्था तिथेच झाली असती.

किचनच्या दारात मी होते.

खेड्यात बाया एकमेकींच्या वावरात निंदायला, तण काढायला, जातात. आज तू माझ्याकडे, उद्या मी तुझ्याकडे. आमचंही तसंच होतं. माझ्या मुलाच्या साखरपुड्याला मंदा अमरावतीला येऊन दिवसभर राबली होती. तिच्याकडची माझी पाळी राहिली होती. त्या मे महिन्यात तिने मला मुरंब्याच्या पातेल्याशिवाय कशाला हात लावू दिला नव्हता. "तुले काही जमत नाही, तू फक्त बोल."

रविवारी मी बोलले नाही. पहाटेच्या पॅसेंजरने आले, खरबूज कापलं, ठेचा वाटला, बशा लावल्या, धुतल्या, पुसून जागेवर ठेवल्या आणि संध्याकाळी घरी गेले. कशासाठी, ते कोणाला सांगितलं नाही. तुम्हालाच पहिल्यांदा सांगतेय.

मंदे, माझी पाळी झाली.

तू बस आता.