न उतरवलेले हंडे

नजर, उतारा, भूतबाधा यांवर माझा विश्वास कधी नव्हता, आजही बसत नाही. मी याद्या ठेवणारी बाई आहे. धुण्याची यादी, औषधांची यादी, घरात कोण कधी आजारी पडले त्याचीसुद्धा. म्हणूनच हे लिहिते आहे... आणि संतापून लिहिते आहे.

आमचे घर ठाण्याला, मासुंदा तळ्याजवळ. माझी धाकटी जाऊ यमू हंडा घेऊन तळ्याच्या पायऱ्या चढत होती, तेव्हा वर एक गृहस्थ तिपाईवर पेटी ठेवून दांडा फिरवत उभा होता. हलती चित्रे काढणारा. विचारले नाही, सांगितले नाही. यमूला चौथा महिना होता. त्याच आठवड्यात वैद्यांनी तिला ओझे उचलायला मनाई केली. मी पाणक्या लावला.

तरीही पुढच्या महिन्यात सुरू झाले. यमू माजघरात पडलेली असायची आणि तिन्हीसांजेला एकाएकी धापा टाकायची. मान आखडलेली, पदर खांद्यावर ओला. घामाने नव्हे — पाण्याने.

"वहिनी, पायऱ्या चढून आल्यासारखं वाटतंय," ती म्हणायची.

मी दिवस टिपून ठेवले. तेरा झाले.

मग कल्याणहून माझा भाऊ आला. "अगं अक्का, तुझी जाऊ आमच्याकडे तंबूत पाणी भरते की. लोक टाळ्या वाजवतात. शेवटी गंमत म्हणून एखादं चित्र उलटं फिरवतात, माणसं मागे मागे चालतात."

मी खेळाचे दिवस विचारले. तेराच्या तेरा जुळले. दोन सोमवारी खेळ बंद होता. माझ्या यादीतही ते दोन सोमवार कोरे.

दुसऱ्या दिवशी दुपारी मी कल्याणला त्या तंबूत होते. सगळे ऐकून तो गृहस्थ हसला. "बाई, चित्राला कुठं धाप लागते?"

"चित्राला नाही, तिला लागते. तिला विचारलं होतंत?"

"तळ्यावर पाणी भरणारी बाई ती. तिला काय विचारायचं?"

"मग आता माझं ऐका. तेरा वेळा चढवलीत, तेरा वेळा उतरवा."

मी बाकावरून उठेना, तेव्हा त्याने दांडा उलटा फिरवला. यमू पाठमोरी पायरी पायरी उतरली, वाकली, हंडा पाण्याला टेकला. मी बोटांवर मोजत होते. सात झाले आणि माणसे आत येऊ लागली. "आज हिचं चित्र लावत नाही. उरलेलं उद्या," तो म्हणाला.

घरी यमू तांदूळ निवडत बसली होती. "आज दुपारी कुणीतरी डोक्यावरचं उतरवून घेतलं, वहिनी. सात वेळा." मी कुठे गेले होते हे तिला ठाऊकही नव्हते.

दुसऱ्या दिवशी मैदानात तंबूच्या खुंट्यांची भोके तेवढी उरली होती.

याचा उलगडा वैद्यांना झाला नाही, मलाही नाही. यमूला आता आठवा लागला आहे, आणि गेल्या बुधवारी व शुक्रवारी ती पुन्हा धापा टाकत होती. त्या दोन दिवशी तुमच्या गावी पायऱ्या चढणारी, पदर दातांत धरलेली बाई दाखवली असेल, तर टाळ्या थांबवा आणि त्या माणसाला सांगा — सहा राहिले होते, आता आठ झाले. ठाण्याची बाई मोजते आहे.