पूर्वेच्या सहा ओळी

डाव्या अंगठ्याच्या नखावर फूल उलटं धरायचं, उजव्या तर्जनीनं त्याच्या देठावर दोनदा टिचकी मारायची आणि मग ते नख समोरच्याच्या डोळ्यांपुढे आणायचं. नखावर पिवळी पूड दिसली की म्हणायचं, "फुटलं. तुम्ही उशिरा आल्ते." काही दिसलं नाही की म्हणायचं, "अजून टाइम हाय." त्यांची ओळख करून द्यायला एवढं पुरे. मिरचीचं फूल असो, वांग्याचं असो की कुणाच्या अंगणातल्या जास्वंदीचं, टिचकी दोनदाच.

ते आमच्या बियाणे कंपनीत क्षेत्र निरीक्षक होते. मी जालन्यातल्या कचेरीत नोंदींच्या टेबलावर. ते शेतातून फॉर्म भरून आणायचे आणि मी तो संगणकात चढवायचो. चौदा वर्षं आमचा संबंध एवढाच होता आणि या चौदा वर्षांत आम्ही भांडलो ते एकाच रकान्यावरून. रकाना क्रमांक अकरा : पुष्पोन्मीलन.

हा शब्द तुम्ही कदाचित शाळेच्या पुस्तकात पाहिला असेल. ते मात्र इंग्रजी शब्दच वापरायचे, अँथेसिस. बी.एस्सी.ला वनस्पतिशास्त्र होतं त्यांना, आणि पिंपळगाव रेणुकाई या त्यांच्या गावी घराच्या आजूबाजूला मिरचीच मिरची. मी एकदा सरळ विचारलं, "म्हणजे फूल उमलणं ना?"

"उमलणं हे पाहुण्यासाठी हाय, रेकॉर्डवाले." ते मला कायम रेकॉर्डवाले म्हणायचे. "पाकळ्या उघडल्या की पाहुणा म्हणतो, वा, उमललं. आपल्याला पाकळीशी काय करायचंय? परागकोश फुटून पूड कधी सुटली, ते पाह्यचं."

मग उभ्या उभ्या त्यांनी मला शिकवणी दिली. पुस्तकात या शब्दाचे दोन्ही अर्थ सापडतात, कुणी पाकळ्या उघडण्याला म्हणतं, कुणी पराग सुटण्याला. म्हणून पीक कोणतं ते पाहून शब्द वापरायचा. मिरचीची पाकळी सहाच्या सुमारास उघडते, पण आतले निळसर कोश पुढे तास-अडीच तास मिटलेलेच असतात. ज्वारीचं कणीस शेंड्याकडून फुलत खाली येतं, त्याला सात-आठ दिवस लागतात. सूर्यफूल तर एक फूल नव्हेच, शेकडो बारकी फुलं, बाहेरच्या कडेपासून आत एकेक कडं उघडत जाणारी. "आता सांगा, या सगळ्यांची एक तारीख अन् एक वेळ कशी लिहू?"

"रकान्यात एकच आकडा बसतो," मी म्हणालो.

"मंग रकाना मोठा करा. फूल बारीक न्हाई करता येत मला."

असा माणूस. त्यांच्या फॉर्मवर रकाना अकरामध्ये तीन-तीन वेळा कोंबलेल्या असायच्या, बाणांसकट. कधी समासात 'काल ढग होते' असंही लिहिलेलं असे. मला आकडे स्वच्छ लागतात. घरचा किराणासुद्धा मी ओळी आखून लिहितो. हे बाण पाहिले की माझ्या कपाळाला आठी पडायची. मी फोन करायचो, "यातला कोणता घेऊ?" पलीकडून वारा, पंपाचा आवाज आणि त्यांचं चालता चालता बोलणं, "तिन्ही घ्या की. तिन्ही बराबर हायेत." आणि फोन बंद. त्यांचा फोन नेहमी त्यांच्याच बाजूनं बंद व्हायचा. वाक्य संपेपर्यंत ते पुढच्या बांधावर पोचलेले असत.

केदारखेड्याला गयाबाईंचा मिरचीचा बीजोत्पादनाचा प्लॉट होता, शेडनेटमध्ये, म्हणजे जाळीच्या मांडवात. मादीच्या अठरा ओळी होत्या. गावात असे प्लॉट पुष्कळ, पण करार कायम नवऱ्याच्या किंवा दिराच्या नावावर. गयाबाईंनी पहिल्यांदा स्वतःच्या नावानं करार केला होता. नमुना चाचणीत बी शुद्ध निघालं तर पुढच्या वर्षी दुसरं नेट मिळणार होतं, नाही निघालं तर नावच यादीतून जाणार. त्यांचा दीर पारावर म्हणायचा म्हणे, "करू द्या बाईला हौस. एक हंगाम तर हाय."

हे काम कसं चालतं, ते दोन ओळींत सांगतो. उद्या उमलणारी कळी आज दुपारनंतर हातानं सोलायची आणि आतले परागकोश काढून टाकायचे. उद्या सकाळी नर झाडाचा पराग तिला लावायचा. मग त्या दिवसाच्या रंगाचा दोरा बांधायचा. सोमवारी लाल, मंगळवारी हिरवा, असे रंग ठरलेले. संध्याकाळपर्यंत सगळ्या कळ्या सोलून होत नाहीत. उरलेल्या बाया पहाटे उजाडता उजाडता सोलतात. पाकळ्या उघडलेल्या असल्या तरी चालतं, पण कोश फुटायच्या आत. एकदा पूड सुटली की फूल स्वतःचंच बी धरतं, आणि मग वरून कुणाचाही पराग लावा, दोरा बांधा, सगळं फुकट.

तर सकाळी किती वाजेपर्यंत सोलायचं, याचा कागद आमच्या कचेरीतून जायचा. रकाना अकरावरून तो संगणक आपोआप छापायचा.

त्या हंगामात गयाबाईंच्या फॉर्मवर त्यांनी लिहिलं होतं : पूर्व ७.१०, मध्य ७.५०, पश्चिम ८.३०. पूर्वेला मोकळं रान असल्यानं ऊन तिथं आधी यायचं. पश्चिमेला विहीर आणि केळी होती, तिथं गारवा. मी तिन्हींची बेरीज केली, तीननं भागली. सात पन्नास आले, बाकी शून्य. मला आठवतं, इतका स्वच्छ भागाकार झाला म्हणून मला बरं वाटलं होतं.

नऊ दिवसांनी ते कचेरीत आले. बूट चिखलाचे, हातात तो छापील कागद. कागद माझ्या टेबलावर ठेवला आणि त्यावर बोट.

"हे कुणी काढलं?"

"तुमच्याच तीन वेळांची सरासरी."

"आज साडेसातला गेल्तो मी. पूर्वेच्या ओळीत बाया सोलून राह्यल्या होत्या. मी म्हणलं, बाई, हे फुटलेलं हाय. तिनं मला हा कागद दाखवला. म्हणे दादा, अजून वीस मिनटं हायेत."

मी कागद पाहिला, मग त्यांचा मूळ फॉर्म काढून पाहिला. चाळीस मिनिटं. पूर्वेकडे नऊ दिवस चाळीस-चाळीस मिनिटं फुटलेली फुलं सोलली गेली होती.

मी जे म्हणालो ते आता लिहायला बरं वाटत नाही, पण लिहितो. मी म्हणालो, "छपाईची चूक म्हणता येईल. नाही तर चाचणीपर्यंत थांबू. कदाचित येईलही मर्यादेत."

ते खिडकीपाशी गेले, परत आले, पुन्हा गेले. "चाचणीत गेलं तर कुणाचं नाव कटेल?"

मी मूळ फॉर्म परत फाइलला लावला.

"तुमचं न्हाई, माझंबी न्हाई. मोटरसायकलवर बसता येतं ना? चला. जल्दी करा, ऊन कलायच्या आत."

त्यांनी गाडी केदारखेड्याकडे दामटली. मी मागे बसून हिशेब करत होतो, सहा ओळी, ओळीत साठ झाडं, झाडाला पाच-सहा दोरे. आकडा जितका नक्की होत गेला तितका मला घाम फुटत गेला. भोकरदन रस्त्यावर एकदा वाटलं, उतरून एसटी पकडावी.

नेटमध्ये दमट उकाडा होता. त्यांनी पूर्वेच्या ओळीत एक उमललेलं फूल तोडून माझ्या हातात दिलं, खिशातलं भिंग दिलं. "पाहा. कोशाला उभी चीर दिसती का?"

चौदा वर्षं मी तो शब्द टाइप करत होतो. ती चीर मी त्या दिवशी पहिल्यांदा पाहिली. पिकलेल्या शेंगेला पडते तशी, आणि तिच्यातून पीठ सांडल्यासारखी पूड.

"दिसते," मी म्हणालो.

"बराबर सांगा. मला आता नीट न्हाई दिसत." हे त्यांनी इतक्या हळू सांगितलं की मला वाटलं, मी ऐकू नये असंच त्यांना वाटत असावं. म्हणजे गेला सगळा हंगाम हा माणूस नखावरच्या पुडीवर चालला होता.

गयाबाई आल्या. पदर खोचलेला, गळ्यात दोऱ्यांची गुंडाळी. त्यांनी आधी निरीक्षकांकडे पाहिलं, मग माझ्याकडे. ते एक पाऊल मागे सरले. मला कळलं की बोलायचं मला आहे.

मी सांगितलं. तीन वेळा होत्या, मी एक केली. आजवर पूर्वेच्या ओळींत जे धरलं त्यातलं कोणतं खरं, कोणतं खोटं, ते आता ओळखता येणार नाही. कारण संध्याकाळी सोललेल्याला आणि सकाळी सोललेल्याला दोरा एकाच रंगाचा. सगळं तोडावं लागेल.

त्यांनी जवळच्या झाडावरचा एक दोरा बोटानं चाचपला. मग म्हणाल्या, "साहेब, तुम्हाला लेकरं किती?"

"दोन."

"एक बारा वर्षांचं, एक दोनचं असलं तर दोघायलाबी सातव्या वर्षाचे कपडे शिवता का?"

बाया हसल्या. ते हसले नाहीत. मलाही हसता आलं नाही.

"दादा," त्या त्यांच्याकडे वळल्या, "न्हाई तोडलं तर?"

"तर मी लिहीन की तोडलं न्हाई."

"अन् तोडलं तर?"

"तर लिहीन की तोडलं. बारा दिवस राह्यले क्रॉसिंगचे. रोज सहाला मी इथं उभा राहतो. बिलकुल येतो. जेवढं भरून निघंल तेवढं."

गयाबाईंनी गळ्यातली गुंडाळी काढली, खुंटीला अडकवली आणि पहिल्या झाडापाशी वाकल्या. वाटाण्याएवढ्या मिरच्या होत्या, प्रत्येकीला दोरा. त्या तोडायला लागल्या तशा बाकीच्या चौघी लागल्या, मग ते, मग मी. माझ्या ओळीत मी आपसूक मोजत चाललो होतो. तीनशे बाराला गयाबाईंनी डोकं वर केलं, "साहेब, ते मोजणं बंद करा. ऐकवत न्हाई."

"मोजू द्या त्यांना," ते पलीकडच्या ओळीतून म्हणाले. "तोंडातल्या तोंडात मोजा, रेकॉर्डवाले."

सहाही ओळी मिळून दोन हजार एकशे अठ्ठेचाळीस. शेवटच्या झाडावर गयाबाई थांबल्या. तिथला पिवळा दोरा त्यांनी स्वतः सोडवला, तोडला नाही. बाकीचे सगळे तोडले होते.

पुढचे बारा दिवस ते रोज सहाला पिंपळगावहून तिथं जात. मी दोनदा गेलो. दोन्ही वेळा ते ओळींतून फेऱ्या घालत होते आणि बाया त्यांना रंग सांगत होत्या. "दादा, निळं हाय." "दादा, याला चीर पडली." ते ऐकायचे, नखावर टिचकी मारायचे आणि हात वर करायचे. हात वर झाला की त्या बाजूचं सोलणं बंद.

हंगाम संपल्यावर त्यांनी राजीनामा दिला. कारण लिहिलं, 'दृष्टी कमी.' मोठ्या साहेबांनी कचेरीत बसायचं काम देऊ केलं. ते माझ्या टेबलाकडे बघून म्हणाले, "हितं? हितं फूल कुठंय?" आणि जिना उतरून गेले. मला राग यायला हवा होता.

गयाबाईंचा चाचणीचा निकाल मे महिन्यात लागला. प्लॉट पास. निकालाच्या एकोणीस दिवस आधी, सकाळी अंगणात पाणी घालताना ते गेले. मी पिंपळगावला गेलो तेव्हा तिथं गयाबाई आधीच आलेल्या होत्या. निरीक्षकांच्या लेकीजवळ बसून होत्या.

मी पाठपुरावा केला आणि फॉर्मवर रकाना अकराचे तीन रकाने झाले : पूर्व, मध्य, पश्चिम. संगणकवाल्याला ते काम वीस मिनिटांचं होतं. चौदा वर्षं मी ते मागितलंच नव्हतं.

या हंगामात केदारखेड्याचा पहिला फॉर्म नवीन निरीक्षकांकडून आला. गयाबाईंची आता दोन नेटं आहेत. दोन्हींच्या तिन्ही रकान्यांत सुबक अक्षरात लिहिलं होतं, आठ, आठ, आठ. मी फोन केला. ते म्हणाले, "सर, अंदाजे तेवढंच असतं."

त्या दिवशी मला जेवण गेलं नाही. दुसऱ्या दिवशी सकाळी सहाला मोटरसायकल काढली. बायकोनं विचारलं, "कुठं?" मी म्हणालो, "आठ खोटे आहेत." तिनं हेल्मेट हातात दिलं.

पोचलो तेव्हा सात वाजून गेले होते. धावतच नेटमध्ये शिरलो. पूर्वेच्या ओळींत कुणीच नव्हतं. सगळ्या बाया मधल्या ओळींत खाली वाकलेल्या.

"गयाबाई, तो आठचा कागद—"

"कोणता कागद?" त्या म्हणाल्या. "चुलीत गेला तो. पूर्व आज सात वाजून सहाला फुटली, उठलो आम्ही तिथून. लिहून घ्या. मंधल्याला अजून टाइम हाय." मग माझ्याकडे पाहून, "किती धापा टाकून राह्यले, साहेब. बसा जरा, च्या घ्या."

मी लिहून घेतलं. बसलो नाही. पश्चिमेच्या ओळी पाहायच्या राहिल्या होत्या.