मेल्यावर हसायची रीत

बुधवारी सकाळी दादा वारला. रविवारी पुण्यानुमोदन होतं आणि घरात त्याचा फोटो नव्हता.

म्हणजे फोटो पुष्कळ होते. कापूस बाजारातली कारकुनी सांभाळून माझा हा थोरला भाऊ वीस वर्षं सिनेमात मरत आला. सिनेमे आठ दिवसांत उरकणारे, भुताखेतांचे नाहीतर डाकूंचे. सेलूतल्या एका बंद जिनिंग गिरणीत शूटिंग व्हायचं. आधी ते बाजारात सीडीवर विकले जायचे, आता मोबाइलवर फुकट दिसतात. दादा कधी मांत्रिक असे, कधी लबाड मुनीम, पण मध्यंतराआधी मरे. ती त्याची अटच होती, कारण रजा चारच दिवसांची मिळायची. एका दिग्दर्शकाने काम आवडलं म्हणून त्याला उत्तरार्धात भूत करून परत आणलं, तेव्हा दादाला रजा वाढवावी लागली. अर्जात त्याने कारण लिहिलं, ‘प्रकृती अस्वास्थ्य’.

तर फोटो होते ते असे : सुळे लावलेला, डोळा फुटलेला, मानेत कुऱ्हाड. घरच्या फोटोंत तर कुणी मोबाइल धरला की तो मुद्दाम जीभ काढायचा. मी शाळेत ग्रंथपाल, कागद जपायची सवय. होते तेवढे वहिनीपुढे मांडले.

“भावजी, ह्याच्यापुढं मेणबत्ती लावायची? भंतेजी उठून जातील.”

बुधवारपासून ती पहिल्यांदा हसली. मग म्हणाली, “मला त्यांचं तोंड पाहिजे. सवताचं.”

शुक्रवारी वालूरचा कॅमेरावाला भेटायला आला. एरवी तो लग्नं शूट करतो. दादाचे बहुतेक मृत्यू त्यानेच टिपलेले. आमची अडचण ऐकून म्हणाला, “हसरे हायेत की माझ्याकडं, सर. मेल्याचा शॉट झाला की उठून कॅमेऱ्यात बघून हसायचं, अशी रीतच हाय आमच्यात. न्हाईतर अपशकुन.”

“दादा अपशकुन मानायचा?” मी विचारलं. मांजर आडवं गेलं म्हणून कुणी थांबलं तर दादा त्याला अर्धा तास भाषण द्यायचा.

“छ्या! ‘तुझं मन कशाला मोडू’ म्हणायचे आन् लय हसायचे.”

दुसऱ्या दिवशी त्याने पेनड्राइव्ह आणला. सिनेमातून कापून टाकलेले तुकडे. दादा मरून पडलेला. ‘कट’ ऐकू येतं. तो उठून बसतो, सुळे काढून तळहातावर घेतो आणि आमच्याकडे बघून हसतो. असं सतरा वेळा. वहिनी तोंडाला पदर लावून हसत होती. नवव्या वेळी पदर डोळ्यांवर गेला.

“थांबवू का, वहिनी?”

“न्हाई. पुढचा लावा.”

तिने अकरावा निवडला. त्यातून फोटो काढताना स्टुडिओवाला कॉलरवरचं रक्त पुसायला निघाला.

“राहू द्या,” वहिनी म्हणाली. “एवढं साफ केलं तर लोक विचारतील, हे कोण?”

रविवारी तोच फोटो ठेवला. तो आता बैठकीत आहे. उरलेले सोळा तुकडे पेनड्राइव्हमध्ये आहेत, आणि पेनड्राइव्ह वहिनीकडे आहे.