स्कार्फमधल्या पोरी

सायखेड्याहून मी नाशिकला शिकायला निघाले ती मामाने वापरून दिलेल्या निळ्या स्कूटीवर. मागे मोटरसायकलवर अण्णा, म्हणजे माझे वडील. गोदावरीचा पूल ओलांडला, चांदोरी गेली, ओढा गेलं, तरी अण्णा मागेच. वाटेत दर थोड्या वेळाने हॉर्न वाजवायचे. त्याचा अर्थ ‘हळू चालव’ की ‘चांगली चालवतेस’ हे मला कळेना, म्हणून प्रत्येक हॉर्नला मी गाडी बाजूला घेऊन थांबायची आणि मागून येणारे ट्रकवाले आम्हा दोघांच्या नावाने बोटं मोडायचे.

निघताना आई निरोपाला आली ती कामाच्या वेषात. द्राक्षबागांमध्ये वेलींचे शेंडे खुडायचे दिवस होते आणि बायकांच्या टोळीची पिकअप रस्त्यावर उभी होती. साडीवर अण्णांचा जुना फुल बाह्यांचा शर्ट, डोक्याला आणि तोंडाला फडकं, मधे फक्त डोळे. आमच्याकडे बागेत जाणाऱ्या सगळ्याच बायका अशा दिसतात. त्या फडक्यातूनच ती म्हणाली, “खाली मान घालून जायचं, खाली मान घालून यायचं.” मी म्हटलं, “आई, स्कूटीवर खाली मान घातली तर सरळ ट्रकखाली जाईन.” अण्णांनी डोळे वटारले. पिकअपवाल्याने घाई केली, आई मागे चढून बसली आणि गाडी बागांकडे वळली. गळाभेट वगैरे आमच्यात नाही. पण ती गाडी दिसेनाशी होईपर्यंत मला किक मारता आली नाही एवढं खरं.

नाशकात कॉलेज रोडच्या आतल्या गल्लीत एका काकूंकडे खोली घेतली होती. पहिल्याच दिवशी रस्त्यावर बघते तर निम्म्या पोरींची तोंडं बांधलेली. मला वाटलं शहरात कसली तरी साथ आली आहे. माझी खोलीतली मैत्रीण पोट धरून हसली आणि मला शालिमारच्या बाजारात घेऊन गेली. तिथल्या फुटपाथवरून मी पांढऱ्यावर पिवळ्या फुलांचा स्कार्फ घेतला. तो कसा बांधायचा हेही तिनेच शिकवलं. त्रिकोणी घडी, कपाळावरून मागे, एक टोक नाकावरून फिरवून दुसऱ्या बाजूला, मागे गाठ. वर गॉगल. आरशात पाहिलं तर मीच मला ओळखू येईना.

विचारलं की सगळ्या सांगायच्या, ऊन लागतं, धूळ असते, टॅन होतं. ढगाळ दिवशीसुद्धा आम्हाला ऊन लागायचं! काकू तर खूश होत्या. “रंग उजळ आहे तुझा, जप. लग्नाच्या वेळी कळेल,” असं त्या जेवायला वाढताना सांगायच्या. त्यांना वाटायचं आम्ही रंग जपतोय. रस्त्यावरच्या म्हाताऱ्यांना वाटायचं, काय मर्यादशील पोरी आहेत. आणि आम्ही त्या कापडाच्या आत काय काय करायचो! सिग्नलला मोठमोठ्याने गाणी म्हणायचो. उगाच गंगापूर रोडला लांबचा वळसा मारून यायचो. गावात माझं तोंड माझं नव्हतंच कधी. ते कुठे दिसलं, कोणाशी बोललं, हसलं का, हे सगळं माझ्याआधी घरी पोचायचं. त्या स्कार्फमध्ये मी पहिल्यांदा कोणाचीच कोणी नव्हते. ते दिवस आठवले की अजून ऊर भरून येतो.

तर एका रविवारी आम्ही वर्गातले पाच जण सोमेश्वरला गेलो. तीन मुली, दोन मुलगे. धबधबा बघितला, भाजलेली कणसं खाल्ली, परत आलो. त्यात एक मुलगा माझ्या स्कूटीवर मागे बसला होता. नेमके त्याच रस्त्याने आमच्या गावचे पोपटनाना भाजीचा टेम्पो घेऊन चालले होते. स्कूटीच्या सीटला आईने जुन्या हिरव्या साडीचं कव्हर शिवून दिलं होतं, त्यावरून त्यांनी गाडी ओळखली. गावात पोचेपर्यंत बातमीतले पाच जण दोनच उरले.

दुसऱ्या दिवशी आईचा फोन आला. आवाज दबलेला. “अण्णा उद्या येणारेत तुला न्यायला. लय तापलेत. कॉलेज बंद म्हंत्यात. उलटं बोलू नको.” मी विचारलं, “आणि तू काय म्हणतेस?” ती म्हणाली, “मला कोन इचारतं?” आणि फोन ठेवला. कॉलेज बंद म्हणजे पुढे काय, हे मला कोणी सांगायची गरज नव्हती. माझ्या शाळेतल्या दोन मैत्रिणी अशाच परत आल्या होत्या आणि दिवाळीच्या आत त्यांची लग्नं उरकली होती. त्या रात्री मी बॅग काढली, भरली, परत रिकामी केली.

दुसऱ्या दिवशी कॉलेज सुटलं तेव्हा फाटकाबाहेर गर्दी दिसली. मी नेहमीसारखा स्कार्फ बांधून, गाडी हातात धरून बाहेर येत होते. मधोमध एक निळी स्कूटी आडवी पडलेली, तिच्याशेजारी पिवळ्या फुलांचा स्कार्फ बांधलेली एक मुलगी उभी, आणि वॉचमनने एका माणसाची कॉलर धरलेली. ते अण्णा होते.

काय झालं असणार ते क्षणात कळलं. निळी गाडी आणि पोपटनानांनी सांगितलेली पिवळी फुलं बघून अण्णा रागाच्या भरात, सीटला हिरवं कव्हर नाही हेही न बघता, त्या मुलीच्या मागच्या सीटवर जाऊन बसले होते आणि म्हणाले होते, “चल घरी. लय झालं कॉलेज.” ती किंचाळली, गाडी पडली, माणसं धावली. “माझी पोरगी हाय ती,” अण्णा वॉचमनला परत परत सांगत होते. “तिलाच इचारा!” तेवढ्यात त्या मुलीने स्कार्फ सोडला. आतून भलताच चेहरा निघाला. अण्णांनी तो पाहिला आणि त्यांचे हात आपोआप जोडले गेले. माझ्या बापाचे हात असे जोडलेले मी देवळाबाहेर कुठे पाहिले नव्हते.

पोरं मोबाइल काढत होती. एक जण म्हणाला, “म्हाताऱ्याला पोलिसांत द्या.” मी चार हातांवर उभी होते आणि अण्णा माझ्याकडे बघूनही मला बघत नव्हते. तोंड बांधलेली आणखी एक पोरगी, एवढंच त्यांना दिसत होतं. मनात आलं, आता गुपचूप गाडीला किक मारली तर कोणाला कळणारही नाही. पण मी गॉगल काढला, मागची गाठ सोडली. गाठ निघेना म्हणून ओढली तर केसच उपटले. मग पुढे जाऊन म्हटलं, “सोडा त्यांना. माझे वडील आहेत.” वर्गातली निम्मी मुलं तिथे होती. वॉचमनने कॉलर सोडली. आणि ती मुलगी, मानसी तिचं नाव, इतका वेळ रडवेली झालेली, ती एकदम म्हणाली, “काका, पाणी प्या आधी. तुम्ही तर माझंच कॉलेज बंद करून टाकलं होतं.” लोक हसले आणि पांगले.

आम्ही बापलेक समोरच्या रसवंतीत बसलो. रसाचे ग्लास आले. अण्णांनी ग्लासाला हात लावला नाही. म्हणाले, “पोपटनाना बी असाच चुकला असंल. सगळ्या सारख्याच दिसत्यात. जाऊ दे. शीक तू.”

सुटले होते मी. गप्प बसून रस प्यायचा होता फक्त. पण अण्णांच्या शर्टाचं वरचं बटण तुटून दोऱ्याला लोंबत होतं, ते बघून मला गप्प बसवेना. म्हटलं, “अण्णा, नाना नाही चुकले. मीच होते ती. आम्ही पाच जण होतो. कणीस खाल्लं आणि आलो.”

त्यांनी ग्लास बाजूला सरकवला. मला वाटलं, आता हात उठतो. पण त्यांनी विचारलं, “मंग तोंड कशाला बांधलं व्हतं?”

“लोक ओळखतात म्हणून.”

“लोकांचं जाऊ दे गं,” अण्णा म्हणाले, आणि त्यांचे डोळे भरून आले. “मला बी वळखू नाय आली तू. बाप हाय मी. पुढ्यात उभी व्हतीस.” मग त्यांनी एका दमात रस संपवला आणि उठता उठता म्हणाले, “कुठं जायचं तिथं जा. पण उघड्या तोंडानं जा. गावाला काय सांगायचं ते मी बघतो.”

त्या दिवसापासून मी कॉलेज रोडवर उघड्या तोंडाने फिरू लागले. दोन उन्हाळ्यांत चांगली रापले. काकू हळहळायच्या, “सोन्यासारखा रंग घालवलास गं.” पुढे स्थळं आली तेव्हा ‘मुलगी शिकलेली आहे, पण जरा सावळी’ असे निरोप यायचे. अण्णा शांतपणे सांगायचे, “उन्हात फिरती ती.” गावाला त्यांनी काय सांगितलं हे मला कधीच कळलं नाही. पण पोपटनाना नंतर कॉलेज रोडवर दिसले की टेम्पोतून हात करायचे.

आता मी हॉलंडमध्ये असते, बियाण्यांच्या एका कंपनीच्या लॅबमध्ये. आजूबाजूला सपाट शेतं आणि त्यात, विश्वास बसणार नाही, कांदा. सकाळी सायकलवरून निघते. समोरून येणारा वारा तोंडावर थपडा मारतो. इथे कोणी तोंड झाक म्हणत नाही, उघड म्हणत नाही. सत्तरीच्या बायका बारीक कापलेल्या पांढऱ्या केसांनी पावसात सायकल मारत जातात, त्यांच्याकडे कोणी वळूनही बघत नाही. मीही केस कापले. सगळंच स्वर्ग आहे असं नाही. इथल्या बायकाही आरशासमोर पोट आत ओढतात आणि लंचला काकडी खाऊन उठतात. पण मी कोणाशी बोलले, कुठे हसले, हे संध्याकाळी कोणाच्या ओट्यावर निघत नाही.

गावात राहिलेल्या मैत्रिणींनो, तुम्ही म्हणाल, मजा आहे बाई तुझी. आहेच. खोटं कशाला बोलू? पण माझ्यासारख्या निघून आलेल्यांना विचारा. कित्येक महिने रस्त्याने उघड्या तोंडाने जाते आणि कोणाशी दोन शब्द बोलणं होत नाही. शेजारची बाई रोज ‘होय’ म्हणते. ते आपलं होय नव्हे, इथला नमस्कार. मी पण ‘होय’ म्हणते. झालं. इथे मी फक्त मी असते. यासाठीच तर सगळा खटाटोप केला होता. आणि तरी रविवारी दुपारी खिडकीशी बसलं की वाटतं, कोणीतरी दारातून ओरडून विचारावं, ‘काय गं, कालपासून दिसली नाहीस?’

गेल्या थंडीत सुट्टीवर गावी गेले होते. आईला मेथी हवी होती म्हणून एकटीच बाजारात निघाले. मनात म्हटलं, आता वाटभर थांबावं लागणार, सगळ्यांशी बोलावं लागणार. एकानेही हाक मारली नाही. दुकानांच्या पाट्या बदललेल्या, त्यांच्यापुढे उभी पोरं नवी. मेथीच्या जुड्या मांडून एक म्हातारी बसली होती. मला वर-खाली न्याहाळून म्हणाली, “कुठल्या म्हणायच्या ताई तुम्ही? पाव्हण्या का कोनाच्या?”

मी म्हटलं, “इथलीच आहे, मावशी. दत्तूअण्णांची मुलगी.”

“कोनता दत्तू? लय दत्तू हायेत गावात.”

शेत सांगितलं, गल्ली सांगितली. तिची मान नकारार्थीच हलत होती. मग माझ्या तोंडून आईचं नाव गेलं. सिंधू. मी ते नाव असं कधी मोठ्याने घेतलंच नव्हतं. घरी ती आई, अण्णांसाठी ‘अगं ऐकलं का’, गल्लीत दत्तूची बायको. तिला नावाने हाक मारलेली मी ऐकलीच नव्हती.

म्हातारीच्या हातातली जुडी खाली पडली. “सिंधूची पोर? आमच्या टोळीतल्या सिंधूची?” तिने मातीचा हात माझ्या गालावर ठेवला. “मंग आधी तसं सांगायचं ना! अगं, तोंड बांधून काम करायचो, तरी हसली की पल्याडच्या बागेतल्या बायका म्हनायच्या, सिंधू आली. काय काय नकला करायची गं ती! मुकादमाची, सासूची, तुझ्या बापाची...”

माझी आई, नकला?

तिने पोतं सारून शेजारी जागा केली. मी खाली मातीत बसले आणि म्हटलं, “अण्णांची कशी करायची? सांगा ना.”